हजेरीची माफी

धर्माबाद हे नांदेड जिल्ह्याच्या पूर्व टोकाचं, तेलंगणाला खेटून असलेलं गाव. मिरचीच्या बाजारासाठी ओळखलं जाणारं. रेल्वेने थोडं पुढे गेलं की बासर लागतं, म्हणजे राज्यच बदलतं. या गावातल्या प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांच्या कोर्टाचं नाव सप्टेंबर २०१८ मध्ये काही दिवस देशभरच्या वाहिन्यांवर होतं. त्या कोर्टाने सोळा जणांविरुद्ध अजामीनपात्र वॉरंट काढलं होतं आणि त्यांतले एक आरोपी तेव्हा आंध्र प्रदेशचे मुख्यमंत्री होते.

मूळ प्रकरण जुलै २०१० चं. गोदावरीवरच्या बाभळी बंधाऱ्यावरून महाराष्ट्र आणि तेव्हाचा अखंड आंध्र यांच्यात वाद पेटला होता. बंधारा जेमतेम पावणेतीन टीएमसीचा, पण तो पोचमपाडच्या जलाशयाच्या फुगवट्यात येतो, असं आंध्रचं म्हणणं. त्या वेळी विरोधी पक्षनेते असलेले चंद्राबाबू नायडू आपल्या आमदार-खासदारांना घेऊन १६ जुलैला हद्द ओलांडून आले आणि पोलिसांनी त्यांना अटक केली. धर्माबादच्या आयटीआयच्या इमारतीतच त्यांना ठेवलं गेलं. तिथून औरंगाबादच्या मध्यवर्ती कारागृहात हलवताना झटापट झाली, पोलिसांना मारहाण केल्याचा गुन्हा दाखल झाला. २० जुलैला सगळ्यांना विमानाने हैदराबादला पाठवून देण्यात आलं. पुढे फेब्रुवारी २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बंधाऱ्याचा वादही निकाली काढला. दरवर्षी १ जुलै ते २८ ऑक्टोबर दारं उघडी ठेवायची, असं ठरलं. पाण्याचं मार्गी लागलं. कोर्टातली फाइल मात्र धर्माबादलाच राहिली.

आठ वर्षांनी, वारंवार बोलावूनही आरोपी येत नाहीत म्हणून कोर्टाने वॉरंट काढलं आणि २१ सप्टेंबरला सगळ्यांना हजर करा असं फर्मावलं. त्या तारखेला काही सहआरोपी स्वतः धर्माबादला आले आणि जामीन घेऊन गेले. नायडूंच्या वतीने वकील उभे राहिले आणि त्यांनी वॉरंट रद्द करण्याची विनंती केली. गावात त्या दिवसांत चर्चेचा विषय एकच असणार: एवढ्या मोठ्या माणसालासुद्धा इथे यावंच लागतं का? वकील पाठवून भागत नाही का?

भागतं. पण त्यासाठी मागावं लागतं, आणि वेळेत मागावं लागतं. या मागण्याला कोर्टाच्या आवारात ‘हजेरी माफीचा अर्ज’ म्हणतात. वकील मंडळी बोलताना नुसतं ‘एक्झम्प्शन टाकलंय’ म्हणतात.

माफी हा शब्द मराठवाड्याला नवा नाही. फीमाफी, सारामाफी, कर्जमाफी. या सगळ्या माफ्यांमध्ये देणारा काहीतरी सोडून देतो आणि घेणारा सुटतो. हजेरी माफीचं तसं नाही. इथे आरोपी गुन्ह्यातून सुटत नाही, खटल्यातून सुटत नाही, जामिनाच्या अटींतूनही सुटत नाही. त्या दिवशी त्याने कोर्टासमोर स्वतः उभं राहण्याऐवजी त्याचा वकील उभा राहिला तर चालेल, एवढंच कोर्ट म्हणतं. आणि एवढ्याच्या बदल्यात आरोपीही काहीतरी सोडत असतो. ही देवाणघेवाण लक्षात घेतली की या विषयातली बरीचशी गुंतागुंत सुटते.

आधी हजेरी का लागते ते पाहू. ‘कोर्ट आरोपीला हेलपाटे मारायला लावतं’ हा सार्वत्रिक समज आहे आणि हेलपाटे खरेच आहेत. पण हजेरीचा नियम मुळात आरोपीच्या बाजूचा आहे. साक्षीदार जे काही सांगेल ते आरोपीच्या देखत सांगेल, त्याच्या पाठीमागे नाही. हा फौजदारी खटल्याचा पाया. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत हे कलम २७३ मध्ये होतं. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत ते कलम ३०८ आहे. साक्षीदार खोटं बोलत असेल तर ते सगळ्यांत आधी आरोपीला कळतं. बांधावरच्या मारामारीत कोण कुठे उभा होता, त्या दिवशी विहिरीवर मोटार चालू होती की वीज गेली होती, हे वकिलाला कुठून ठाऊक असणार? आरोपी मागून वकिलाच्या कानाशी लागतो आणि उलटतपासणीला वळण मिळतं.

मात्र त्याच कलमाने एक फट ठेवलेली आहे. आरोपीची हजेरी माफ केली असेल तर पुरावा त्याच्या वकिलाच्या समक्ष नोंदवता येतो. म्हणजे ‘माझ्या पाठीमागे झालं’ ही तक्रार करण्याचा हक्क आरोपी बाजूला ठेवतो. हाच तो मोबदला.

माफीची दारं दोन आहेत आणि सामान्य माणसाची गल्लत इथेच होते. पहिलं दार जुन्या संहितेचं कलम २०५, नव्या संहितेचं कलम २२८. दंडाधिकारी समन्स काढतात तेव्हाच, कारण योग्य वाटलं तर, आरोपीने स्वतः न येता वकिलामार्फत हजर व्हावं अशी परवानगी ते देऊ शकतात. पुढे कधी गरज भासली तर त्याला बोलावून घेण्याचा अधिकार त्यांच्याकडे राहतोच. हे दार प्रवेशाशीच आहे. बऱ्याच जणांना ते असतं हेच माहीत नसतं. दुसरं दार कलम ३१७ चं, आता कलम ३५५. ते खटल्याच्या कोणत्याही टप्प्यावर उघडतं, सत्र न्यायाधीशांनाही ते वापरता येतं. अट अशी की आरोपीचा वकील हजर हवा आणि न्यायाच्या दृष्टीने आज आरोपीची गरज नाही याची कारणं कोर्टाने लिहून ठेवायला हवीत. याच कलमात आणखी एक प्रसंग बसवलेला आहे: आरोपी कोर्टात सतत गोंधळ घालत असेल तर त्याला बाजूला ठेवूनही काम पुढे नेता येतं. त्याला मात्र माफी म्हणणं धाडसाचं होईल.

ही व्यवस्था इंग्रजी अमलाइतकी जुनी आहे. १८९८ च्या संहितेतही कलम २०५ होतं, याच आकड्याचं. त्यामुळे जुने वकील अजूनही ‘दोनशे पाच’ म्हणतात आणि नव्या संहितेचा २२८ हा आकडा त्यांच्या जिभेवर बसायला वेळ लागतोय. ३१७ चा पूर्वज १९२३ च्या दुरुस्तीत ५४०-अ म्हणून आला.

अर्जाची भाषा मात्र बदललेली नाही. “मे. प्रथमवर्ग न्यायदंडाधिकारी साहेब यांचे न्यायालयात” अशी सुरुवात, मग “सदर प्रकरण आज रोजी साक्षपुराव्यासाठी नेमलेले आहे”, मग कारण, आणि शेवटी “अर्जदार आरोपीची गैरहजेरी हेतुपुरस्सर नसून”. कारणं म्हणजे आपल्या आयुष्याचा आरसाच. ताप, बाळंतपण, मयत, परीक्षा, पेरणी, एसटीचा संप. सरकारी वकिलाचं त्यावर ‘म्हणणं’ घेतलं जातं. वकिली बोलीत याला ‘से’ म्हणतात. अर्जाला निशाणी क्रमांक पडतो आणि रोजनाम्यात एक ओळ उमटते: आरोपी गैरहजर, वकील हजर, माफीचा अर्ज आजच्यापुरता मंजूर. सकाळी अकराच्या पुकाऱ्यात अशा ओळी सरसर लिहिल्या जातात. न्यायाधीशांना ताप खरा की खोटा यात फारसा रस नसतो. त्यांची नजर असते ती आज काम काय आहे यावर. नुसती तारीख पडणार असेल तर आरोपी असला काय, नसला काय. पण दुरून बोलावलेला डॉक्टर साक्षीदार पिंजऱ्याजवळ येऊन बसलाय, आणि नेमके आज बारापैकी तीन आरोपी नाहीत, वकिलाने अर्जही दिलेला नाही, तर कपाळाला आठी पडणारच.

बारा आरोपी हा आकडा मी उगीच घेतलेला नाही. गावाकडच्या मारामारीच्या फिर्यादीत भावकीतली निम्मी नावं असतात. एका तारखेला एकाला जरी काविळीने गाठलं की सगळ्यांची पेशी वाया जाते. (आमच्याकडे जुनी माणसं तारखेला अजून ‘पेशी’च म्हणतात, निजामी अमलाची ती आठवण.) अशा वेळी गैरहजर आरोपीला माफी देऊन उरलेल्यांसह काम चालवणं, किंवा त्याचा खटला वेगळा काढणं, हे दोन्ही मार्ग कलम ३५५ कोर्टाला देतं. म्हणजे माफीचा अर्ज हा आरोपीच्या सोयीचा असतो तितकाच कोर्टाच्याही सोयीचा असतो. वाट अडू नये म्हणून मध्ये उभी असलेली बैलगाडी बाजूला घ्यावी, तसा.

कायमची माफी हा निराळा विषय. दर तारखेला नवा अर्ज देण्यापेक्षा ‘यापुढे माझा वकीलच येईल’ अशी एकदाच परवानगी मागणं. ती कुणाला मिळावी यावर सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २००१ मध्ये भास्कर इंडस्ट्रीज विरुद्ध भिवानी डेनिम या खटल्यात जे सांगितलं, ते अजूनही जिल्हा कोर्टांतल्या बहुतेक अर्जांत उतरवलं जातं. प्रकरण न वटलेल्या धनादेशाचं होतं. आरोपी फार लांब राहत असेल, त्याचा धंदा किंवा प्रकृती अशी असेल की प्रत्यक्ष येण्याने त्याला होणारा त्रास प्रचंड आणि त्या येण्याने खटल्याला होणारा फायदा मात्र तुटपुंजा, तर दंडाधिकारी पहिल्या तारखेपासूनही माफी देऊ शकतात. त्याच्या वतीने ‘गुन्हा कबूल नाही’ हे वकिलानेच सांगितलं तरी चालतं. बदल्यात आरोपीने हमी लिहून द्यायची: खटल्यातला आरोपी मीच आहे की नाही याबद्दल मी वाद घालणार नाही, माझा वकील प्रत्येक तारखेला हजर राहील, आणि माझ्या गैरहजेरीत नोंदवलेल्या पुराव्याला माझी हरकत नसेल.

या तीन हमींतली पहिली सर्वांत महत्त्वाची आणि सर्वांत कमी समजली जाणारी. चोरी, दरोडा, मारामारी अशा खटल्यांत साक्षीदाराने आरोपीकडे बोट दाखवून ‘हाच तो’ म्हणणं हा पुराव्याचा कणा असतो. आरोपी समोरच नसेल तर बोट कुणाकडे दाखवणार? म्हणून ज्या खटल्यात ओळखीचाच प्रश्न आहे तिथे कायम माफी मिळणं अवघड. धनादेशाच्या खटल्यात ओळखीचा प्रश्न नसतो. सही कागदावर असते.

लातूरला हे फार चांगलं कळतं. तूर, हरभरा, सोयाबीन यांचा इथला बाजार मोठा, डाळीच्या गिरण्या मोठ्या, आणि इथली डाळ जाते ती देशभर. माल उधारीवर जातो, धनादेश येतो, कधी तो परत येतो. २०१५ च्या दुरुस्तीनंतर असा खटला, ज्याला पैसे घ्यायचे त्याचं खातं ज्या बँकशाखेत आहे तिथे चालतो. म्हणजे आडत बाजारातल्या व्यापाऱ्याने धनादेश आपल्या शाखेत भरला की दक्षिणेतल्या कुठल्याशा शहरातला खरेदीदार लातूरच्या कोर्टाचा आरोपी होतो. त्याला मराठी येत नाही, लातूरला पोहोचायला दोन रात्री लागतात, आणि तारखेला काय होतं? बऱ्याचदा पुढची तारीख. त्याच्यासाठी कलम २२८ आहे. अर्थात याला दुसरी बाजूही आहे. माफी मिळालेला आरोपी निवांत होतो, तडजोडीचं नाव काढत नाही, आणि फिर्यादी व्यापारी म्हणतो, “साहेब, एकदा तरी त्याला इथं आणा, मग बघा पैसे कसे निघतात.” या म्हणण्यातला व्यवहार मला कळतो. तरी हजेरी हे वसुलीचं हत्यार नव्हे, असं कोर्टं मानत आली आहेत आणि ते योग्यच आहे. एकदा केरळ उच्च न्यायालयाने धनादेशाच्या खटल्यांत हजेरी कशी माफ करावी याचे सरसकट निर्देश दिले होते. २०११ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते रद्द केले. माफी द्यायची की नाही हे त्या-त्या दंडाधिकाऱ्याने समोरचं प्रकरण पाहून ठरवायचं, त्याचे हात आधीच बांधायचे नाहीत.

दुसरं मोठं क्षेत्र सासरच्या छळाच्या फिर्यादींचं. एप्रिल २०१९ च्या रूपाली देवी निकालानंतर हे पक्कं झालं की सासर सोडून आलेली स्त्री जिथे आसऱ्याला राहते तिथेच फिर्याद देऊ शकते. माहेर मुखेडचं आणि सासर पुण्याचं असेल तर पुण्याच्या लोकांना मुखेडला यावं लागेल. ते रास्त आहे. घर सुटलेल्या बाईने पुण्याच्या चकरा का माराव्यात? पण आरोपींच्या यादीत नवऱ्यासोबत गुडघे गेलेली सासू आणि दुसऱ्या गावी नांदणारी नणंदही असते. त्यांच्या हजेरीबद्दल २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने उदार निर्देश दिले होते. सप्टेंबर २०१८ मध्ये त्याच न्यायालयाने ते आवरते घेतले आणि सांगितलं की माफी हवी तर टप्पा पाहून २०५ किंवा ३१७ खाली अर्ज करा. फिरून तेच: भागतं, पण मागावं लागतं.

आता मोठ्या माणसांकडे वळू. कारण हजेरी माफी म्हटलं की लोकांच्या डोळ्यांसमोर पुढारीच येतात. आपल्या दिवाणी प्रक्रिया संहितेत हुद्द्यावरून माफी आहे. कलम १३३ मध्ये राष्ट्रपती, राज्यपाल, केंद्रातले आणि राज्यातले मंत्री, सभापती, उच्च आणि सर्वोच्च न्यायालयाचे न्यायाधीश यांना दिवाणी कोर्टात जातीने येण्यापासून सूट दिलेली आहे. त्याच्या आधीच्या कलमात पडद्यात राहणाऱ्या स्त्रियांनाही. फौजदारी संहितेत अशी यादीच नाही. राज्यघटनेचं कलम ३६१ राष्ट्रपती आणि राज्यपालांवर पदावर असेपर्यंत फौजदारी कारवाई होऊ देत नाही. ते संरक्षण मुख्यमंत्र्याला नाही. धर्माबादच्या कोर्टाला म्हणूनच मुख्यमंत्र्याच्या नावे वॉरंट काढता आलं.

मग हुद्द्याचा उपयोग होतो का? अर्जात कारण म्हणून होतो, हक्क म्हणून नाही. महाराष्ट्रातली दोन उदाहरणं शेजारी ठेवून पाहण्यासारखी आहेत. भिवंडीच्या दंडाधिकारी न्यायालयात राहुल गांधींवर २०१४ च्या एका भाषणावरून बदनामीचा खटला चालू आहे. जून २०१८ मध्ये ते स्वतः भिवंडीत आले, गुन्हा कबूल नाही म्हणाले, आणि एप्रिल २०२३ मध्ये त्यांना कायमची हजेरी माफी मिळाली. दुसरीकडे, मालेगाव बॉम्बस्फोटाच्या खटल्यात मुंबईच्या विशेष न्यायालयाने सर्व आरोपींना आठवड्यातून एकदा हजर राहायला सांगितलं होतं. खासदार म्हणून नुकत्याच निवडून आलेल्या प्रज्ञासिंह ठाकूर यांनी सूट मागितली, ती जून २०१९ मध्ये नाकारली गेली. दोन्हीकडे राजकारणीच. फरक खटल्यांच्या जातीत आहे. बदनामी हा समन्सचा खटला. भाषण कुणी केलं याबद्दल सहसा वाद नसतो, शिक्षा जास्तीत जास्त दोन वर्षांची. बॉम्बस्फोटाच्या खटल्यात शेकडो साक्षीदार, आणि शिक्षा झालीच तर ती फाशीपर्यंत जाणारी. कोर्ट माणसाची उंची मोजत नाही असं मी छातीठोकपणे म्हणणार नाही, पण खटल्याचं वजन ते नक्की मोजतं.

हा पेच आपल्यापुरता नाही. हेगच्या आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयासमोर केनियाचे उपराष्ट्राध्यक्ष विल्यम रुटो आरोपी असताना हाच प्रश्न उभा राहिला: देश चालवायचा की हेगला बसायचं? नोव्हेंबर २०१३ मध्ये न्यायालयाच्या सदस्य देशांनी नियमच बदलला. देशातली सर्वोच्च पातळीवरची असाधारण जबाबदारी सांभाळणाऱ्या आरोपीला वकिलामार्फत हजर राहता येईल, मात्र त्याने आपला हजेरीचा हक्क स्पष्टपणे सोडून द्यायला हवा. धर्माबाद काय आणि हेग काय, मोबदला एकच.

पुढाऱ्यांच्या पाठीशी वकिलांची फौज असते. उद्योगपतींच्याही असते. दिल्लीहून दर शुक्रवारी हैदराबादच्या कोर्टात हजेरी लावणाऱ्या पुनीत दालमिया यांना सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०१९ मध्ये अटींवर सूट दिली. पण हा अर्ज खरोखर ज्याला हवा असतो तो माणूस वेगळा आहे. कंधार-मुखेडच्या डोंगराळ पट्ट्यातून दिवाळीनंतर कोयता घेऊन जो कारखान्याच्या फडात जातो, तो उन्हाळ्यापर्यंत परतत नाही. मुकादमाची उचल घेतलेली असते, फड सोडून आला तर हिशेब अंगावर येतो. किंवा उदगीरचा पोरगा, भोसरीत कंपनीत कंत्राटावर. एका तारखेसाठी त्याला रात्रीची ट्रॅव्हल्स, दिवसभर कोर्टाच्या व्हरांड्यात बसणं, परत रात्रीची ट्रॅव्हल्स, आणि दोन खाडे. खटला काय, तर गावच्या जत्रेत झालेली ढकलाढकली.

हा माणूस एक तारीख चुकवतो. वकिलाला फोन लागत नाही, किंवा वकिलाची मागची फी राहिलेली असते म्हणून तोच लावत नाही. माफीचा अर्ज पडत नाही. पुकारा होतो, “आरोपी हाजीर है” म्हणणारं कुणी नसतं, आणि वॉरंट निघतं. आधी समन्स, मग जामीनपात्र वॉरंट आणि अगदी शेवटी अजामीनपात्र अशी पायरी सर्वोच्च न्यायालयाने २००७ मध्ये इंदर मोहन गोस्वामी खटल्यात सांगितलेली आहे. पण एकदा जामिनावर सुटून तारीख चुकवलेल्याच्या बाबतीत पायऱ्या भराभर ओलांडल्या जातात. वॉरंट शिळं होत नाही. ते बजावलं जाईपर्यंत किंवा कोर्ट ते रद्द करेपर्यंत जिवंत राहतं, असं कायदाच म्हणतो. मग जामीनदाराला नोटीस, जातमुचलक्याची रक्कम जप्त होण्याची पाळी. जामीनदार म्हणजे बहुधा मामा किंवा चुलता, ज्याने सातबारा लावलेला असतो. ढकलाढकलीच्या खटल्याचं भांडण मग घरात येतं. वर, जामिनावर असताना कारण नसताना गैरहजर राहणं हा स्वतंत्र गुन्हा आहे. नव्या भारतीय न्याय संहितेत तो कलम २६९ मध्ये आहे. एका पानाचा अर्ज वेळेत न पडल्याचे हे परिणाम.

आणि अर्ज वकिलाशिवाय पडत नाही. दोन्ही कलमांचा कणा हाच की आरोपी नसेल तर वकील असलाच पाहिजे. ज्याच्याकडे वकील नाही त्याला माफी नाही, त्याने स्वतःच यायचं. म्हणजे जो सर्वांत गरीब, त्यालाच सर्वांत जास्त हेलपाटे. या ठिकाणी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचा आणि तालुका विधी सेवा समितीचा आधार आहे. स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातीची माणसं, कोठडीत असलेले यांना उत्पन्न कितीही असलं तरी सरकारी खर्चाने वकील मिळतो. इतरांना उत्पन्नाच्या मर्यादेत. कोर्टाच्या आवारातच त्यांचं कार्यालय असतं.

माफी मिळाली तरी काही दिवस राखीव असतात. दोषारोप वाचून दाखवला जातो तो दिवस. ओळख पटवणारा साक्षीदार येणार असेल तो दिवस. आणि सगळा पुरावा संपल्यावर, ‘तुझ्याविरुद्ध असं-असं आलंय, तुझं काय म्हणणं?’ असं न्यायाधीश थेट आरोपीला विचारतात तो दिवस. जुन्या संहितेचा हा ३१३ चा जबाब, नव्या संहितेत ३५१. समन्सच्या खटल्यात कायम माफी असेल तर तो जबाब वगळता येतो. इतर खटल्यांतही, आरोपी परदेशी असेल आणि येण्यात अतोनात अडचण असेल तर प्रश्नावली पाठवून लेखी उत्तरं घेता येतील, अशी वाट बसवराज पाटील खटल्यात २००० साली सर्वोच्च न्यायालयाने काढून दिली. पण ती अपवादाची वाट.

आणखी एक वाट तंत्राने काढली आणि तिची सुरुवात महाराष्ट्रातच झाली. मुंबईचे कर्करोगतज्ज्ञ डॉ. प्रफुल्ल देसाई यांच्यावरच्या खटल्यात न्यूयॉर्कच्या एका डॉक्टरची साक्ष हवी होती आणि ते भारतात यायला तयार नव्हते. पडद्यावरून घेतलेली साक्ष आरोपीच्या ‘समक्ष’ घेतली असं म्हणता येईल का? एप्रिल २००३ मध्ये सर्वोच्च न्यायालय म्हणालं, येईल. समक्ष म्हणजे एकाच खोलीत असणं नव्हे. दोन दशकांनी तेच तत्त्व कलम ३५५ च्या स्पष्टीकरणात जाऊन बसलं: दृकश्राव्य माध्यमातून लावलेली हजेरी ही प्रत्यक्ष हजेरीच. भोसरीच्या पोराने जेवणाच्या सुटीत मोबाइलवरून उदगीरच्या कोर्टात हजर व्हावं, हे आता कायद्याच्या चौकटीत बसतं. प्रत्यक्षात तालुक्याच्या कोर्टात वीज, जोडणी आणि बोर्डावरचा पंचवीसावा नंबर यांचं गणित जुळायला हवं, ही गोष्ट वेगळी.

नव्या संहितेने आणलेल्या एका गोष्टीशी हजेरी माफीची सरमिसळ करू नये. कलम ३५६ खाली आता फरार आरोपीचा खटला त्याच्याशिवाय चालवून निकालही देता येतो. तो दहा वर्षं किंवा त्याहून मोठ्या शिक्षेच्या गुन्ह्यांतल्या, फरार घोषित केलेल्यांसाठी आहे. त्याआधी दोषारोपानंतर ९० दिवस थांबायचं, किमान ३० दिवसांच्या अंतराने दोन वॉरंट काढायची, वर्तमानपत्रात नोटीस द्यायची. माफी मागणारा कोर्टाला विचारून बाहेर राहतो. हा न विचारता पळालेला.

खटले किती लांबतात याचं नांदेडला वेगळं उदाहरण द्यायला नको. एप्रिल २००६ मध्ये शहरात झालेल्या स्फोटाच्या खटल्याचा निकाल नांदेडच्या सत्र न्यायालयात जानेवारी २०२५ मध्ये लागला. हयात असलेले नऊही आरोपी निर्दोष सुटले. मध्ये जवळपास एकोणीस वर्षं. आणि बाभळीच्या वेळच्या मारहाणीचा तो गुन्हा रद्द करायला उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने मे २०२४ मध्ये, घटनेनंतर चौदा वर्षांनी नकार दिला. इतक्या वर्षांच्या तारखा धरल्या तर दर तारखेला जातीने उभं राहणं हीच एक शिक्षा होऊन बसते. ज्याचा गुन्हा शेवटी शाबीत होतच नाही, त्यालाही ती भोगून झालेली असते.

राहता राहिला निकालाचा दिवस. त्याबद्दल कायद्याचं वाक्य मजेशीर आहे. बाहेर असलेल्या आरोपीने निकाल ऐकायला हजर राहायलाच हवं. अपवाद एकच: खटला चालू असताना त्याची हजेरी माफ होती आणि निकालात नुसता दंड झालाय किंवा तो निर्दोष सुटलाय. आता निकालात काय आहे हे तो वाचला जाईपर्यंत कुणाला कळणार? त्यामुळे कितीही जुनी कायम माफी खिशात असली तरी आदल्या संध्याकाळी वकिलाचा फोन येतोच, “उद्या मात्र या. आणि येताना जामीनदार घेऊन या.” जामीनदार कशाला, सुटणार असू तर? तर त्यालाही कलम आहे, जुन्या संहितेत ४३७-अ, आता ४८१. सरकार अपिलात गेलंच तर वरच्या कोर्टात हजर राहीन असा बंधपत्राचा कागद खटला संपण्याआधीच लिहून घेतात. तो सहा महिने चालतो. निर्दोष सुटलेलासुद्धा बाहेर पडतो तो पुढच्या हजेरीची हमी देऊनच.